क्रमांक तोच, मुलूख वेगळा : मेक्सिकोच्या संघीय मतदारसंघांच्या अभ्यासाची प्रस्तावना

मेक्सिको राज्याच्या ३८ व्या संघीय मतदारसंघाचा १९९४ सालचा प्रतिनिधी कोण, असा प्रश्न एखाद्या विद्यार्थ्याने विचारला तर उत्तर सरळ आहे : कोणीच नाही. राजधानीला तिन्ही बाजूंनी वेढून असलेल्या या राज्याला त्या वर्षी ३४ च मतदारसंघ होते. ३८ वा मतदारसंघ २००५ च्या पुनर्रचनेत अस्तित्वात आला आणि २००६ साली तिथे पहिल्यांदा मतदान झाले. पण या मतदारसंघाचे मुख्य ठाणे असलेले टेस्कोको शहर तर शतकानुशतके तिथेच आहे. तिथली माणसे १९९४ सालीही मतदानाला गेली होती आणि त्यांच्या वतीने सभागृहात कोणीतरी बसतही होते. फक्त त्या प्रतिनिधीचे नाव वेगळ्या क्रमांकाखाली, वेगळ्या हद्दीच्या मतदारसंघात नोंदलेले आहे.

या अभ्यासक्षेत्रात पाऊल टाकणाऱ्याने ही गोष्ट पहिल्याच दिवशी मनाशी पक्की करावी. मतदारसंघाचा क्रमांक, त्याखालचा मुलूख आणि तिथून निवडून आलेली व्यक्ती या तीन गोष्टी कोष्टकात एका ओळीत बसतात, पण प्रत्यक्षात त्यांची चाल वेगवेगळी असते. क्रमांक कायम राहतो आणि मुलूख सरकतो. मुलूख तोच राहतो आणि क्रमांक बदलतो. माणसे तर दर तीन वर्षांनी बदलतात. म्हणूनच प्रतिनिधींची यादी नकाशा शेजारी ठेवल्याशिवाय वाचू नये, आणि नकाशा जनगणनेचे आकडे व त्या वेळचा कायदा समोर ठेवल्याशिवाय वाचू नये, असे माझे आग्रहाचे सांगणे आहे. पुढची सारी मांडणी या एका आग्रहाचाच विस्तार आहे.

आधी रचना समजून घेऊ. मेक्सिकोच्या संसदेच्या कनिष्ठ सभागृहात, म्हणजे प्रतिनिधीगृहात, ५०० सदस्य असतात. त्यांपैकी ३०० जण एकेका मतदारसंघातून सर्वाधिक मते मिळवून येतात. ही पद्धत आपल्या लोकसभेसारखीच. उरलेले २०० जण पक्षांच्या याद्यांमधून, मतांच्या प्रमाणात निवडले जातात. त्यासाठी देशाचे पाच मोठे विभाग केलेले आहेत आणि प्रत्येक विभागातून ४० जण येतात. सभागृहाची मुदत तीन वर्षांची असते. प्रत्येक उमेदवारासोबत एक पर्यायी उमेदवारही उभा असतो. मूळ प्रतिनिधी रजेवर गेला, दुसऱ्या पदावर गेला किंवा वारला, तर पर्यायी प्रतिनिधी जागा घेतो. त्यामुळे आपल्याकडच्यासारखी पोटनिवडणुकांची रेलचेल तिथे दिसत नाही, पण एका मतदारसंघापुढे एकाच मुदतीत दोन नावे मात्र वारंवार दिसतात.

३०० हा आकडा आज इतका रुळला आहे की तो पहिल्यापासूनच असावा असे वाटते. तसे नाही. दीडशे वर्षे मेक्सिकोच्या राज्यघटनांनी मतदारसंघांची संख्या ठरवली नव्हती, लोकसंख्येचे प्रमाण ठरवले होते. १८२४ च्या घटनेत ८० हजार लोकांमागे एक प्रतिनिधी होता, १८५७ च्या घटनेत ४० हजारांमागे एक, आणि क्रांतीनंतरच्या १९१७ च्या घटनेत ६० हजारांमागे एक. लोकसंख्या वाढली की प्रतिनिधी वाढायचे, आणि सभागृह फार फुगू लागले की घटनादुरुस्ती करून प्रमाण वाढवायचे. अशा दुरुस्त्यांनी हे प्रमाण १९२८ साली एक लाखावर, १९४२ साली दीड लाखावर आणि १९६० साली दोन लाखांवर गेले. १९७२ साली ते अडीच लाख झाले. १९७६ च्या निवडणुकीत १९६ मतदारसंघ होते.

ती १९७६ ची निवडणूक या इतिहासात कलाटणी देणारी ठरली. अध्यक्षपदासाठी मतपत्रिकेवर होसे लोपेस पोर्तियो हे एकच नोंदणीकृत उमेदवार होते. कम्युनिस्ट पक्षाचे वालेंतिन काम्पा यांनी प्रचार केला, पण त्यांच्या पक्षाला मान्यताच नव्हती. दशकानुदशके सत्तेत असलेल्या संस्थात्मक क्रांतिकारी पक्षालाही ही स्पर्धाहीन निवडणूक अडचणीची वाटू लागली. गृहमंत्री हेसूस रेयेस एरोलेस यांनी १९७७ साली राजकीय सुधारणा घडवून आणली. तीत ३०० मतदारसंघ घटनेतच कायम झाले आणि त्यांच्या जोडीला प्रमाणशीर प्रतिनिधित्वाच्या १०० जागा आल्या. १९८६ साली त्या २०० झाल्या.

या बदलाने गणितच उलटे झाले. पूर्वी प्रमाण ठरलेले होते आणि संख्या बदलत होती. आता संख्या ठरली आणि प्रमाण बदलू लागले. देशाची एकूण लोकसंख्या भागिले ३०० हा मतदारसंघाच्या आकाराचा मापदंड झाला. २०२० च्या जनगणनेत मेक्सिकोची लोकसंख्या १२ कोटी ६० लाखांच्या घरात होती, म्हणजे एका मतदारसंघात सरासरी चार लाख वीस हजार लोक. एकूण संख्या वाढत नसल्याने एखाद्या राज्याला नवा मतदारसंघ मिळायचा तर दुसऱ्या कुठल्यातरी राज्याचा जावा लागतो. कुठल्याही राज्याला दोनपेक्षा कमी मतदारसंघ नसावेत, एवढी हमी घटना देते. कोलिमा, काम्पेचे आणि दक्षिण बाहा कॅलिफोर्निया ही लहान राज्ये या किमान संख्येवरच आहेत.

मराठी वाचकाला इथे आपल्या मतदारसंघ पुनर्रचनेची आठवण होणे स्वाभाविक आहे. भारताने १९७६ साली, म्हणजे जवळपास त्याच सुमारास, ४२ व्या घटनादुरुस्तीने राज्यांमधले लोकसभेच्या जागांचे वाटप १९७१ च्या जनगणनेवर गोठवले. महाराष्ट्राच्या ४८ जागा त्यामुळे आजही ४८ च आहेत. २००८ साली आपल्याकडे राज्यांच्या आतल्या सीमा बदलल्या आणि पालघरसारखे नवे मतदारसंघ झाले, पण राज्याराज्यांमधला वाटा जिथल्या तिथे राहिला. मेक्सिकोने एकूण संख्या गोठवली, वाटा मात्र मोकळा ठेवला. दोन्ही देशांत प्रश्न एकच होता : माणसे एका जागी राहत नाहीत, मग त्यांच्या मताचे वजन समान कसे ठेवायचे? दोघांनी दिलेली उत्तरे वेगळी आहेत, आणि म्हणूनच मेक्सिकोचा अभ्यास आपल्याला आपल्या वादांकडे नव्या बाजूने पाहायला शिकवतो.

आता नकाशांच्या पिढ्या पाहू. ३०० मतदारसंघांचा पहिला नकाशा १९७९ च्या निवडणुकीसाठी तयार झाला. दुसरा १९९६ साली, तिसरा २००५ साली, चौथा २०१७ साली आणि पाचवा २०२२ साली. अभ्यासकाने ही पाच वर्षे पाठच करावीत, कारण प्रतिनिधींची कुठलीही यादी या पाच ठिकाणी तुटते. क्रमांक सलग दिसत असला तरी या सांध्यांच्या अलीकडे आणि पलीकडे आपण बहुधा वेगळ्या मतदारांविषयी बोलत असतो.

पहिला नकाशा सतरा वर्षे जागचा हलला नाही. याच काळात मेक्सिकोच्या खोऱ्यात प्रचंड स्थलांतर झाले. राजधानीच्या मधल्या वस्त्या विरळ होत गेल्या. १९८५ च्या भूकंपाने त्याला आणखी वेग दिला. राजधानीची हद्द ओलांडून मेक्सिको राज्यातल्या नेसावालकोयोत्ल, एकातेपेक, चाल्को या भागांत लाखो कुटुंबे घरे बांधून राहू लागली. १९९० च्या जनगणनेत राजधानीच्या संघीय जिल्ह्यात सुमारे ८२ लाख लोक होते आणि त्यांना ४० मतदारसंघ होते. मेक्सिको राज्यात सुमारे ९८ लाख लोक होते आणि मतदारसंघ ३४. राजधानीत सरासरी दोन लाख सहा हजार लोकांमागे एक प्रतिनिधी, तर रस्त्यापलीकडच्या मेक्सिको राज्यात जवळपास दोन लाख एकोणनव्वद हजारांमागे एक. कामासाठी रोज राजधानीत येणारा मजूर रात्री ज्या वस्तीत झोपायला जायचा, तिथे त्याच्या मताचे वजन आपोआप घटलेले असायचे. कोणी एकाने बसून हा अन्याय रचला, असे म्हणण्याची गरज नाही. नकाशा तसाच ठेवला आणि माणसे हलली, एवढे त्याला पुरेसे होते.

त्यानंतर राजधानीचा वाटा सतत उतरत गेला : ४० वरून ३०, मग २७, मग २४ आणि आता २२. मेक्सिको राज्य ३४ वरून ३६, मग ४०, मग ४१ वर गेले आणि २०२२ साली पुन्हा ४० वर आले. या शेवटच्या उताराकडे नीट पाहावे. वाढीचा जोर आता राजधानीच्या वेशीवरून उत्तरेकडच्या आणि मध्यावरच्या औद्योगिक शहरांकडे सरकला आहे. २०२२ साली नुएव्हो लिओनला दोन मतदारसंघ जास्त मिळाले. बाहा कॅलिफोर्निया, कोआविला, केरेतारो, पुएब्ला आणि युकातान यांना एकेक. केरेतारोला पहिल्या नकाशात तीन होते, आज सहा आहेत. देशात कारखाने कुठे उभे राहिले आणि घरे कुठे बांधली गेली, याची एक संक्षिप्त नोंद या आकड्यांत सापडते.

दुसऱ्या नकाशावर पहिली निवडणूक १९९७ साली झाली आणि त्या निवडणुकीत संस्थात्मक क्रांतिकारी पक्षाने प्रतिनिधीगृहातले निर्विवाद बहुमत पहिल्यांदा गमावले. इथे नवख्या अभ्यासकाला एक मोह होतो : सीमा बदलल्या म्हणून निकाल बदलला, असे लिहून मोकळे होण्याचा. पण १९९६ सालीच संघीय निवडणूक संस्थेवरचे सरकारचे नियंत्रण संपले होते. गृहमंत्र्यांऐवजी होसे वोल्डेनबर्ग यांच्यासारखे स्वतंत्र अध्यक्ष तिथे आले होते. पाठीमागे १९९४-९५ चे आर्थिक संकटही ताजे होते. सीमा हे अनेक कारणांतले एक कारण असते, आणि ते किती वजनाचे हे मतदारसंघ एकेक करून तपासल्याशिवाय सांगता येत नाही.

तिसऱ्या नकाशामागची कथा चियापासमधून सुरू होते. १ जानेवारी १९९४ रोजी तिथे आदिवासींच्या हक्कांसाठी उठाव करणाऱ्या झापातिस्तांनी ओकोसिंगोसह काही गावे ताब्यात घेतली. सरकारशी त्यांच्या झालेल्या १९९६ च्या सान आंद्रेस करारात आदिवासी जनसमूहांच्या प्रतिनिधित्वाचा मुद्दा आला. २००१ च्या घटनादुरुस्तीसोबत अशी तरतूद झाली की मतदारसंघ आखताना आदिवासी समूहांच्या वस्त्या शक्यतो लक्षात घ्याव्यात. त्यानुसार २००५ च्या नकाशात ज्यांची किमान ४० टक्के लोकसंख्या आदिवासी आहे असे २८ मतदारसंघ आखले गेले. मात्र आखणी झाली तरी पक्षांनी उमेदवार तसे दिलेच असे नाही. म्हणून २०१८ च्या निवडणुकीत अशा १३ मतदारसंघांत आदिवासी उमेदवारच द्यावा, असा निर्णय निवडणूक न्यायाधिकरणाने दिला. २०१९ साली आफ्रो-मेक्सिकन समूहांना घटनेत मान्यता मिळाली आणि २०२२ च्या नकाशात आदिवासी व आफ्रो-मेक्सिकन म्हणून गणलेल्या मतदारसंघांची संख्या ४४ झाली. आपल्याकडच्या राखीव मतदारसंघांच्या अभ्यासकांना इथे तुलनेला पुष्कळ वाव आहे. आपल्याकडे कायदा जागा राखून ठेवतो. तिथे आधी नकाशाने लोकवस्ती एकत्र आणली आणि मग उमेदवारीचा नियम मागाहून आला.

सीमा नेमकी कशी आखतात, हेही जवळून पाहण्याजोगे आहे. मूळ एकक म्हणजे निवडणूक विभाग. एका विभागात कायद्याने किमान १०० आणि कमाल ३,००० मतदार असतात, आणि देशभरात असे सत्तर हजारांच्या आसपास विभाग आहेत. हे विभाग एकमेकांना जोडत जोडत मतदारसंघ तयार होतो. लोकसंख्या सरासरीच्या १५ टक्के वरखाली चालते. त्याखेरीज नगरपालिका शक्यतो फोडू नयेत, मतदारसंघ सलग असावा, आकार फार वेडावाकडा नसावा, गावागावांमधल्या प्रवासाला किती वेळ लागतो ते पाहावे, असे निकष आहेत. या सगळ्यांचा मेळ घालायला संगणक लागतो. २००५ च्या आखणीत वापरलेली रीत धातुकामावरून सुचलेली आहे : धातू तापवून सावकाश थंड केला की त्यातले कण नीट बसतात, तसे संगणक आधी विभागांची बरीच मोकळी अदलाबदल करू देतो, काही वाईट बदलही चालवून घेतो, आणि हळूहळू कडक होत सर्वांत कमी दोषांच्या रचनेपाशी थांबतो. प्रत्येक रचनेला दोषांचे गुण मिळतात. पक्षांना प्रतिप्रस्ताव देता येतो, पण तो निकषांच्या कसोटीवर अधिक चांगला ठरला पाहिजे. नेत्यांच्या बंद खोलीतल्या सौद्याची जागा आकड्यांच्या वादाने घेतली, ही मेक्सिकोच्या लोकशाहीची मोठी कमाई आहे असे मी मानतो. मात्र निकषांना वजन किती द्यायचे हे माणसेच ठरवतात, त्यामुळे त्या निर्णयांची चिकित्सा अभ्यासकाने सोडू नये.

आता प्रतिनिधींकडे वळू. १९३३ च्या घटनादुरुस्तीने खासदारांच्या सलग फेरनिवडीला बंदी घातली, आणि त्याच वेळी मुदत दोन वर्षांवरून तीन झाली. त्यामुळे मेक्सिकोत पिढ्यानपिढ्या एकाच घराकडे किंवा एकाच नेत्याकडे असलेला मतदारसंघ शोधू गेलात तर तो यादीत दिसणार नाही. नेता तीन वर्षे संघीय सभागृहात, मग राज्याच्या सभागृहात, मग नगराध्यक्षपदी, मग पुन्हा संघीय सभागृहात असा फिरत राहतो. त्याची पुढची उमेदवारी मतदारांपेक्षा पक्षाच्या हाती असते. २०१४ च्या सुधारणेने सलग चार मुदतींपर्यंत परवानगी दिली आणि २०२१ साली संघीय प्रतिनिधींनी पहिल्यांदा तिचा उपयोग केला. २०२५ च्या घटनादुरुस्तीने २०३० पासून हे दार पुन्हा बंद केले आहे. म्हणजे सलग फेरनिवडीचा एक छोटा कालखंड संशोधकांपुढे आहे आणि त्याच्या दोन्ही बाजूंना बंदीचा काळ आहे. असा तुलनेचा योग राज्यशास्त्रात क्वचितच येतो.

याद्यांमधली स्त्रियांची नावे हा आणखी एक समृद्ध विषय. मेक्सिकोच्या स्त्रियांना संघीय पातळीवर मताचा हक्क १९५३ साली मिळाला. पहिल्या संघीय स्त्री-प्रतिनिधी अवरोरा हिमेनेस दे पालासिओस १९५४ साली निवडून आल्या, त्या बाहा कॅलिफोर्नियातून. आणि बाहा कॅलिफोर्नियाला राज्याचा दर्जा १९५२ साली मिळाला होता. नवे राज्य, नव्या जागा आणि नवा हक्क असे तीन धागे तिथे एकत्र आले. २०१८ साली सभागृहात ४८ टक्क्यांवर स्त्रिया होत्या, २०२१ साली बरोबर निम्म्या, २५०.

पुन्हा टेस्कोकोकडे येऊ, कारण एका मतदारसंघात किती गोष्टी गुंफलेल्या असतात ते तिथे नीट दिसते. याच नगरपालिकेत चापिंगोचे कृषी विद्यापीठ आहे. ते राष्ट्रीय कृषी विद्यालय होते त्या काळात वर्ध्याचे क्रांतिकारक आणि कृषितज्ज्ञ पांडुरंग खानखोजे तिथे शिकवत होते. मराठी माणसाला या भागाची ओळख आधीपासून आहे ती अशी. शेतीचा हा मुलूख महानगराच्या कडेला येत गेला. इथल्या कोरड्या तळ्याच्या जमिनीवर विमानतळ बांधण्याच्या योजनेला २००१-०२ साली अतेंकोच्या शेतकऱ्यांनी विरोध करून ती मागे घ्यायला लावली. पुढे पुन्हा हाती घेतलेला विमानतळाचा प्रकल्प २०१८ साली रद्द झाला. २०१५ साली ३८ व्या मतदारसंघातून डेल्फिना गोमेस निवडून आल्या. त्या पेशाने शिक्षिका, टेस्कोकोच्या माजी नगराध्यक्षा. आणि ज्या मोरेना पक्षाने त्या निवडणुकीत पहिल्यांदा भाग घेतला, त्याच्या मोजक्या मतदारसंघ-विजेत्यांपैकी एक. २०१७ साली त्या राज्यपालपदासाठी उभ्या राहून हरल्या, २०१८ साली सिनेटर झाल्या आणि २०२३ साली मेक्सिको राज्याच्या राज्यपाल. यादीत त्यांच्या नावापुढे फक्त एक क्रमांक आणि पक्षाचे चिन्ह आहे. त्या क्रमांकाखालची जमीन, पाणी, शाळा आणि आंदोलने अभ्यासकाने स्वतः शोधायची असतात.

नव्याने येणाऱ्यांना तीन सूचना कराव्याशा वाटतात. पहिली, आरंभ लहान राज्यापासून करावा. कोलिमाला पाचही नकाशांत दोनच मतदारसंघ आहेत. संख्या स्थिर असल्यामुळे तिथे केवळ सीमा कशी सरकली हे पाहता येते. दुसरी, दोन नकाशांची तुलना मतदारसंघाच्या क्रमांकावरून न करता विभागांवरून करावी; कुठला विभाग कुठे गेला याचा तक्ता हाती आला की अर्धे काम झाले. तिसरी, पक्षाचे नाव वाचताना आघाडी तपासावी. आज बहुतेक मतदारसंघ आघाड्या लढवतात आणि आपसातल्या करारानुसार विजेता कुठल्या पक्षाचा गणायचा ते ठरते. २०२४ साली सत्ताधारी आघाडीने ३०० पैकी २५६ मतदारसंघ जिंकले. त्यांतला कुठला मतदारसंघ कुणाच्या खात्यावर गेला, यावर प्रमाणशीर जागांचे वाटपही अवलंबून होते, कारण १९९६ पासून कुठल्याही पक्षाचा जागांमधला वाटा त्याच्या मतांच्या वाट्यापेक्षा आठ टक्के बिंदूंहून जास्त नसावा असा नियम आहे.

या क्षेत्रासाठी मोठ्या निधीची किंवा बंद दप्तरखान्यांच्या परवानगीची गरज नाही. राष्ट्रीय निवडणूक संस्थेचे नकाशे, विभागवार निकाल आणि जनगणनेचे आकडे सर्वांसाठी खुले आहेत. स्पॅनिश थोडी शिकावी लागेल आणि आकड्यांचा कंटाळा सोडावा लागेल. कामे मात्र ढीगभर पडून आहेत : फोडलेल्या नगरपालिकांतले मतदार आपल्या प्रतिनिधीला कितपत ओळखतात, आदिवासी मतदारसंघांतून आलेल्या प्रतिनिधींनी सभागृहात काय मांडले, फेरनिवडीच्या त्या छोट्या काळात मतदारसंघाकडे लक्ष वाढले का. भारतात जागांच्या फेरवाटपाची चर्चा पुन्हा ऐरणीवर असताना हे प्रश्न मराठीतून विचारले जाणे आवश्यक आहे. एक मतदारसंघ निवडा, त्याचे पाचही नकाशे मिळवा, आणि प्रत्येक नकाशासाठी विचारा : इथे किती माणसे होती, त्यांना कोणाबरोबर जोडले गेले, आणि त्यांच्या वतीने कोण बोलले? ही उत्तरे लिहून काढली की तुम्ही या क्षेत्राचे वाचक राहत नाही, अभ्यासक होता. तुमचे मनापासून स्वागत.